निर्वासितांनी उभारलेले उद्योगनगर

मुंबईहून दिल्लीला जाणाऱ्या गाडीने आपण कधी प्रवास केला असेल, तर वाटेतील एक गाव आपल्या डोळ्यांखालून नक्कीच गेले असेल. मथुरा मागे पडते, पलवल येते, बल्लभगड येते, आणि मग शेतांच्या जागी कारखान्यांच्या भिंती, पत्र्याच्या लांबच लांब शेड आणि मालमोटारींच्या रांगा दिसू लागतात. प्रवासी सामान आवरण्याच्या गडबडीत असतात. दिल्ली आता जवळ आली, एवढाच अर्थ ते त्या दृश्याचा लावतात. ते गाव म्हणजे फरिदाबाद.

२०११ सालच्या जनगणनेत ह्या शहराची वस्ती चौदा लाखांहून अधिक भरली. हरियाणा राज्यात एवढे मोठे दुसरे शहर तेव्हा नव्हते. ट्रॅक्टर, टायर, शीतकपाटे, पादत्राणे, कारागिरांची हत्यारे आणि मोटारींचे असंख्य सुटे भाग ह्या परिसरात तयार होत आले आहेत. आपल्या गावच्या शेतात फिरणारा एखादा ट्रॅक्टर किंवा एके काळी घरोघरी दूध घालणाऱ्या गवळ्याची ‘राजदूत’ मोटारसायकल ह्याच गावी जन्मास आलेली असते, हे आपणांपैकी किती जणांस ठाऊक असेल?

परंतु आज फरिदाबादची ओळख करून द्यावयाची ती ह्या मालाच्या यादीसाठी नव्हे. देशात कारखाने निघावेत, लोकांना काम मिळावे, असे आपण सर्वच म्हणतो. पण रिकाम्या हातांपासून भरल्या कारखान्यापर्यंतची वाट कशी असते, तिच्यावर कोठे सोपे जाते आणि कोठे पाय अडखळतो, हे एकाच ठिकाणी पाहावयाचे असेल, तर फरिदाबादसारखे दुसरे उदाहरण मिळणे कठीण आहे.

सरहद्दीवरून आलेली माणसे

जुने फरिदाबाद मोगल काळातले. जहांगीर बादशहाचा खजिनदार शेख फरीद ह्याने १६०७ साली ते वसविले, असे सांगतात. पुढे तीनशेहून अधिक वर्षे ते मथुरा रस्त्यावरील एक लहानसे गाव होते. त्याचे भाग्य पालटले ते देशाच्या फाळणीमुळे.

१९४७ साली वायव्य सरहद्द प्रांतातून हजारो हिंदू व शीख कुटुंबे भारतात आली. बन्नू, डेरा इस्माईलखान, कोहाट, पेशावर ही त्यांची गावे. त्यांच्यापैकी कित्येकजण बादशहा खान, म्हणजेच खान अब्दुल गफार खान, ह्यांच्या खुदाई खिदमतगार चळवळीत वावरलेले होते. शिस्त, स्वावलंबन आणि अहिंसक आग्रह ही त्या चळवळीची शिकवण. कुरुक्षेत्राच्या विशाल छावणीत तंबूंमध्ये दिवस काढीत असताना सरकारने त्यांना निरनिराळ्या ठिकाणी पांगविण्याचे ठरविले, तेव्हा ह्या लोकांनी त्यास नकार दिला. आम्हांस एकत्र राहू द्या, असा त्यांचा हट्ट होता. त्यासाठी त्यांनी दिल्लीत येऊन निदर्शनेही केली. अखेर दिल्लीच्या दक्षिणेस फरिदाबादजवळची मोकळी जमीन त्यांच्यासाठी निवडण्यात आली.

१९४९ साली फरिदाबाद विकास मंडळ स्थापन झाले. डॉ. राजेंद्रप्रसाद त्याचे पहिले अध्यक्ष होते, आणि ते राष्ट्रपती झाल्यावर पंडित हृदयनाथ कुंझरू ह्यांनी ती धुरा उचलली. कमलादेवी चट्टोपाध्याय मंडळावर होत्या, सुधीर घोष ह्यांच्याकडे प्रत्यक्ष कारभाराची सूत्रे होती, आणि कमलादेवींच्या इंडियन को-ऑपरेटिव्ह युनियनचे तरुण कार्यकर्ते लक्ष्मीचंद जैन दिवसरात्र तेथे राबत होते. पंतप्रधान नेहरू मंडळाच्या बहुतेक बैठकांना जातीने हजर राहत. एका लहान वसाहतीच्या उभारणीत देशाच्या पंतप्रधानाने इतके लक्ष घातल्याची उदाहरणे विरळाच.

दान नको, काम द्या

घरे बांधण्याची नेहमीची रीत सरकारी खात्याला परिचित होती. निविदा काढावयाच्या, कंत्राटदार नेमावयाचा, त्याने बाहेरून मजूर आणावयाचे. म्हणजे निर्वासितांनी शिधा खात बसून राहावयाचे, आणि त्यांची घरे दुसऱ्यांनी बांधावयाची! कमलादेवी व त्यांच्या सहकाऱ्यांनी ह्या रीतीला आक्षेप घेतला. घरे ज्यांची, त्यांनीच ती बांधावीत. कंत्राटदाराला मिळणारा नफा त्यांच्याच सहकारी संस्थांच्या पदरात पडावा. आणि फुकट शिधा बंद होऊन त्याजागी मजुरी सुरू व्हावी, असा त्यांचा आग्रह होता. बांधकाम खात्याला ही कल्पना मुळीच रुचली नाही. ज्यांनी जन्मात कधी थापी धरली नाही ते भिंती काय बांधणार, ही शंका अगदीच निराधारही नव्हती. ह्या माणसांपैकी पुष्कळजण दुकानदार, कारकून, सावकार, लहान जमीनदार होते.

तरीही त्यांनी फावडी, घमेली उचलली. विटा पाडल्या, पाया खणला, रस्ते आखले, नळ टाकले. हळूहळू कोणी गवंडी झाला, कोणी सुतार, कोणी लोहार. तीनएक वर्षांत पाच हजारांच्या आसपास घरे, शाळा आणि रुग्णालय उभे राहिले. सुमारे तीस हजार माणसांचे हे नवे गाव होते. रुग्णालयाला त्यांनी नाव दिले बादशहा खानांचे, कारण सरहद्दीपलीकडे राहिलेल्या आपल्या नेत्याचा त्यांना विसर पडला नव्हता.

महाराष्ट्राच्या वाचकांस येथे एक ओळखीचा धागा सापडेल. मुलांच्या शिक्षणासाठी ह्या वसाहतीने वर्ध्याजवळच्या सेवाग्रामाकडे पाहिले. नयी तालीमच्या आशादेवी आर्यनायकम ह्यांचे मार्गदर्शन तेथील शाळांना लाभले. हाताने काम करीत करीत अक्षर आणि अंक शिकावेत, हे त्या शिक्षणाचे सूत्र. ज्या गावात आईबापच हाती थापी घेऊन नवे शिकत होते, त्या गावात मुलांना असे शिक्षण मिळावे हे किती स्वाभाविक होते!

दान आणि काम ह्यांतील फरक केवळ अभिमानाचा नाही, तो हिशेबाचाही आहे. शिध्यावर खर्च झालेला रुपया एका दिवसात संपतो. मजुरीवर खर्च झालेला रुपया भिंत मागे ठेवतो, आणि मजुराच्या हातात कसबही ठेवतो. महाराष्ट्राने १९७२ च्या दुष्काळात हाच विचार मोठ्या प्रमाणावर अमलात आणला. वि. स. पागे ह्यांच्या प्रेरणेने रोजगार हमी योजना आली, आणि पाझर तलाव, रस्ते, बांधबंदिस्ती अशा कामांवर लाखो हातांना मजुरी मिळाली. २००५ साली संसदेने संपूर्ण देशासाठी ग्रामीण रोजगार हमीचा कायदा केला, त्यामागे हाच अनुभव होता.

घरे झाली, पुढे काय?

आता ह्या कहाणीतील कठीण वळणाकडे आपण वळू. बांधकाम हे असे काम आहे की, ते जितके चांगले व्हावे तितके लवकर संपावे. फरिदाबादेत घरे पुरी होत आली, तशी मजुरीही आटत गेली. गवंड्याची मजुरी थांबली की त्याचा वाणी अडचणीत येतो, वाणी अडला की शिंपी, शिंप्यामागोमाग न्हावी. ज्या गावात बाहेरून पैसा येण्याचा एकच झरा असतो, तेथे तो आटल्यावर सारे गावच कोरडे पडते.

हा धोका मंडळाने ओळखला नव्हता असे नाही. कारखाने यावयाचे तर वीज हवी. दुसऱ्या महायुद्धाची भरपाई म्हणून जर्मनीकडून भारताच्या वाट्यास आलेले डिझेलवर चालणारे एक विद्युतसंयंत्र कलकत्त्यास पडून होते. ते मिळविण्यात आले आणि फरिदाबादेत उभारण्यात आले. त्या उभारणीत निर्वासित तरुणांनी हात काळे केले. त्यांच्यासाठी तंत्रशिक्षणाची सोय झाली, छोट्या सहकारी कर्मशाळा निघाल्या. जे आपण वापरतो त्यातील काही तरी आपणच बनवावे आणि जे बनवू ते बाहेर विकावे, असा प्रयत्न सुरू झाला.

परंतु घर बांधणे आणि विकाऊ माल बनविणे ह्यांत मोठे अंतर आहे. घराला गिऱ्हाईक आधीच ठरलेले असते. मालाला ते शोधावे लागते. त्यासाठी भांडवल लागते, कच्चा माल वेळेवर लागतो, दर्जा राखावा लागतो, आणि पहिली काही वर्षे तोटा सोसण्याची तयारी लागते. ही सर्व जुळवाजुळव होण्यापूर्वीच मंडळाचे काम आवरते घेण्यात आले आणि वसाहतीचा कारभार नेहमीच्या सरकारी चाकोरीत गेला. सहकारी कर्मशाळांना आवश्यक तो वेळ व आधार मिळाला नाही. कित्येक कुटुंबांना पुन्हा बेकारी सोसावी लागली. पुढे योजना आयोगाचे सदस्य झालेल्या लक्ष्मीचंद जैन ह्यांनी १९९८ साली ‘द सिटी ऑफ होप’ ह्या पुस्तकात ही कथा सांगितली आहे. त्या आशेच्या नगरीविषयी लिहिताना त्यांच्या मनातील हळहळ लपत नाही.

कारखाने आले

तथापि, जे उभे राहिले होते ते वाया गेले नाही. वीज होती, रस्ते होते, मुख्य रेल्वेमार्ग शेजारून जात होता, दिल्लीची बाजारपेठ हाकेच्या अंतरावर होती, आणि कामाची सवय झालेले हजारो हात होते. उद्योजकाला आणखी काय हवे असते? १९५० नंतरच्या दशकात बाटा कंपनीचा पादत्राणांचा कारखाना येथे चालू झाला. १९६१ साली बल्लभगडला गुडइयरने टायरचा कारखाना काढला. केल्व्हिनेटरची शीतकपाटे येथेच तयार होऊ लागली.

एस्कॉर्ट्स ह्या कंपनीची गोष्ट तर फरिदाबादला विशेष शोभणारी आहे. नंदा बंधूंनी १९४४ साली लाहोरात ती सुरू केली. फाळणीत त्यांनाही लाहोर सोडावे लागले. म्हणजे गावाप्रमाणे कारखानदारही विस्थापितच! १९६० नंतरच्या दशकात पोलंडच्या तंत्रसाहाय्याने त्यांनी येथे ट्रॅक्टर व ‘राजदूत’ मोटारसायकल बनविण्यास आरंभ केला. पुढे ट्रॅक्टरसाठी फोर्ड कंपनीशीही त्यांचा सहयोग झाला. जपानच्या कुबोटा कंपनीचा सहभाग वाढल्यावर २०२२ साली कंपनीचे नाव एस्कॉर्ट्स कुबोटा असे झाले.

एका मोठ्या कारखान्याने गावाचे किती भले होते, हे त्याच्या फाटकातून आत जाणाऱ्यांच्या संख्येवरून कळत नाही. ट्रॅक्टरचेच उदाहरण घ्या. त्याचे शेकडो भाग मूळ कारखाना स्वतः बनवीत नाही. कोणी ओतकाम करून देतो, कोणी लेथवर कातकाम, कोणी दातेरी चाके कापतो, कोणी पत्रा दाबून आकार देतो, कोणी रबराच्या चकत्या, कोणी रंगकाम. एकेका गल्लीत अशी दहा-पाच माणसांची कर्मशाळा निघते. तिच्यात शिकलेला टर्नर किंवा फिटर काही वर्षांनी एक जुना लेथ विकत घेऊन स्वतःची शेड घालतो. नोकरी मागणारा अशा रीतीने नोकरी देणारा होतो. फरिदाबादची खरी संपत्ती ह्या गल्ल्यांत आहे.

१९८३ साली शेजारच्या गुरगावात मारुतीची पहिली मोटार कारखान्याबाहेर आली, तेव्हा ह्या गल्ल्यांना नवे गिऱ्हाईक लाभले. आरंभी बरेच भाग जपानहून येत. ते देशातच बनू लागले, तसे गुरगाव, फरिदाबाद, मानेसर ह्या टापूत पूरक उद्योगांचे मोहोळ जमले. यमुनेपलीकडे १९७६ साली स्थापन झालेल्या नोएडानेही कारखान्यांना जागा दिली. २०१८ साली तेथे सॅमसंगच्या विस्तारलेल्या मोबाइल कारखान्याचे उद्घाटन भारताचे पंतप्रधान व दक्षिण कोरियाचे राष्ट्राध्यक्ष ह्यांच्या उपस्थितीत झाले. राजधानीभोवतालचा हा प्रदेश आज देशातील प्रमुख औद्योगिक टापूंपैकी एक आहे.

आपल्याकडील अनुभव

महाराष्ट्रातही अशा वाटा चोखाळल्या गेल्या आहेत. १९१० साली लक्ष्मणराव किर्लोस्करांनी कुंडलजवळच्या निवडुंगाने भरलेल्या माळावर किर्लोस्करवाडी वसविली. आसपासच्या खेड्यांतील शेतकऱ्यांच्या मुलांनाच त्यांनी ओतारी आणि फिटर बनविले. फाळणीनंतर कल्याणच्या लष्करी छावणीत सिंधी निर्वासित आले. १९४९ साली त्या छावणीचे उल्हासनगर झाले, आणि लहान लहान कारखान्यांच्या व व्यापाराच्या बळावर ते गजबजून गेले. १९६२ साली महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ स्थापन होऊन ठाण्यापासून पुढे जिल्ह्याजिल्ह्यांत औद्योगिक वसाहती निघाल्या.

ह्या साऱ्या ठिकाणांचा अनुभव एकच गोष्ट सांगतो. जमीन व वीज देऊन कारखाना आणता येतो. तो टिकतो व वाढतो मात्र तेथील माणसांच्या हातात असलेल्या कसबावर. जेथे कसब शिकविण्याची व्यवस्था झाली, तेथे एका कारखान्यातून दहा निघाले. जेथे ती झाली नाही, तेथे कारखाना बंद पडल्यावर मागे फक्त कुंपण उरले.

काम जाते तेव्हा

काम मिळविणे जितके कठीण, तितकेच ते गेल्यावर सावरणे कठीण. १९९६ च्या जुलै महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने प्रदूषणाच्या कारणास्तव दिल्ली शहरातील १६८ कारखाने बंद करण्याचा अथवा बाहेर हलविण्याचा आदेश दिला. लोकांच्या आरोग्यासाठी निर्णय आवश्यक होता. परंतु कारखाना दूर गेला म्हणून कामगाराचे भाड्याचे घर, मुलांची शाळा, म्हाताऱ्या आईचे औषधपाणी त्याच्यामागे उचलून नेता येत नाही. २०१२ साली मानेसरच्या मोटार कारखान्यात कामगार व व्यवस्थापन ह्यांच्यातील तेढीचे पर्यवसान हिंसाचारात झाले आणि एका अधिकाऱ्याचा जीव गेला. एकाच यंत्रावर कायम कामगार व कंत्राटी कामगार शेजारी शेजारी उभे असावेत आणि त्यांच्या वेतनात मोठे अंतर असावे, हा प्रश्न त्यानंतर देशभर चर्चिला गेला. २०२० च्या मार्चमध्ये टाळेबंदी झाली, तेव्हा ह्याच टापूतील हजारो मजूर डोक्यावर बोचकी घेऊन पायी आपापल्या गावी निघाले. शहर त्यांच्या श्रमांवर चालत होते; पण शहरात त्यांचे म्हणावे असे काही नव्हते.

फरिदाबादच्या पहिल्या रहिवाशांशी त्यांची तुलना केली म्हणजे मन विषण्ण होते. त्या निर्वासितांनीही सर्वस्व गमावले होते. परंतु त्यांनी बांधलेल्या घरात ते स्वतः राहिले, त्यांच्या मुलांना शाळा मिळाली, आजारपणात रुग्णालय मिळाले. कामाबरोबर गाव मिळाले, म्हणून ते पाय रोवू शकले. आजच्या स्थलांतरित कामगाराला काम मिळते, गाव मिळत नाही.

आता आणखी एक परीक्षा समोर आहे. विजेवर चालणाऱ्या मोटारींत पेट्रोल-डिझेलच्या इंजिनाला लागणारे पुष्कळसे फिरते भाग लागतच नाहीत. ज्या छोट्या शेडमध्ये वर्षानुवर्षे पिस्टन, झडपा, दातेरी चाके कातली गेली, तेथील कारागिरांना नवे कसब शिकावे लागणार आहे. १९५२ च्या सुमारास गवंड्यांपुढे जो प्रश्न उभा होता, तोच वेगळ्या रूपाने त्यांच्यापुढे येत आहे. हातातले काम संपत असताना पुढचे काम शिकण्यासाठी त्यांना वेळ आणि आधार कोण देणार?

२०११ च्या राष्ट्रीय उत्पादन धोरणाने कारखानदारीचा राष्ट्रीय उत्पन्नातील वाटा दहा वर्षांत २५ टक्क्यांवर नेण्याचे आणि दहा कोटी रोजगार निर्माण करण्याचे उद्दिष्ट ठेवले होते. ते गाठता आले नाही. धोरणे आखणे हे राज्यकर्त्यांचे काम आहे. परंतु एक गोष्ट आपल्या घरातही ठरते. मुलाने औद्योगिक प्रशिक्षण संस्थेत जावयाचे म्हटले की, ‘शिकून हात काळेच करणार काय?’ असे आपण विचारतो. मुलीने फिटर किंवा वेल्डर होण्याची इच्छा दर्शविली तर बहुधा तेवढेही विचारीत नाही, सरळ नाही म्हणतो. १९५० सालापासून ह्या संस्था देशात काम करीत आहेत, १९६१ च्या कायद्याने कारखान्यांत उमेदवारीची सोय झाली आहे. तरीही हाताने करावयाच्या कामाला कमी लेखण्याची आपली सवय गेलेली नाही.

बन्नू आणि पेशावरच्या त्या दुकानदारांनी, कारकुनांनी चाळिशी-पन्नाशीत थापी हाती धरली, तेव्हा त्यांनाही ते प्रथम जड गेले असेल. पण त्यांच्या नातवंडांपैकी काहीजण आज स्वतःच्या शेडमध्ये चार माणसांना काम देत असतील, तर त्याचे मूळ त्या दिवसांत आहे. पुढच्या वेळी दिल्लीची गाडी बल्लभगड ओलांडील, तेव्हा सामान आवरण्यापूर्वी क्षणभर खिडकीबाहेर पाहा, आणि शेजारी बसलेल्या मुलांना हे गाव कोणी बांधले तेवढे सांगा.